एडिटच्या खोलीत येऊ पाहणाऱ्यांसाठी

असिस्टंट म्हणून लागलात तर पहिल्या सिनेमात तुमच्या हातचा एकही कट पडद्यावर दिसणार नाही, हीच शक्यता जास्त. आधीच सांगून टाकते, म्हणजे नंतर रुसवा नको. मला येणारे बहुतेक मेसेज ‘प्रीमियर शिकू की रिझॉल्व’ आणि ‘लॅपटॉप कुठला घेऊ’ इथे सुरू होतात आणि तिथेच संपतात. लॅपटॉप परवडेल तो घ्या, फक्त हार्ड डिस्कमध्ये काटकसर करू नका. सॉफ्टवेअरचं म्हणाल तर मोठ्या फीचरवर अ‍ॅविड अजून पाय रोवून आहे, मराठीत प्रीमियरवर भरपूर काम चालतं, आणि दाविंची रिझॉल्वची फुकट आवृत्ती घरच्या सरावाला पुरून उरते. कुठलंही एक धरा. बटणं महिना-दोन महिन्यांत हाताला बसतात.

मी सांगलीची, बी.कॉम. झालेली. घरात सिनेमाशी संबंध म्हणजे सुट्टीच्या दिवशी टीव्हीवर लागणारा मराठी चित्रपट. पुण्यात लग्नाचे व्हिडिओ आणि कंपन्यांच्या फिल्म्स कापत होते, तिथून ओळखीच्या ओळखीने अंधेरीत एका सीनियर एडिटर मॅडमकडे लागले. आता बरीच वर्षं स्वतःच्या नावाने मराठी सिनेमे करते, अधूनमधून हिंदी वेब सिरीज. त्यामुळे पुढचं सगळं मुख्यतः मराठी सिनेमाबद्दल आहे. इथे बजेट लहान, एडिटची टीम म्हणजे दीड माणूस, आणि दिग्दर्शक तुमच्याच डब्यातली पोळी खात शेजारी बसलेला.

मॅडमनी पहिल्या आठवड्यातच नियम घातला होता: शूटिंग बघायला जायचं नाही. मला राग आला. सिनेमात यायचं आणि शूटिंग बघायचं नाही? पण त्यांचं म्हणणं पक्कं होतं. सेटवर जो असतो त्याला माहीत असतं की क्रेन चढवायला किती वेळ गेला, ऊन कसं पळत होतं, नटाला त्या दिवशी ताप होता. पुढे तो शॉट बघताना त्याला हे सगळं त्या शॉटमध्ये दिसत राहतं. प्रेक्षकाला यातलं काही ठाऊक नसतं, त्याच्यापुढे फक्त चौकट. अख्ख्या युनिटमध्ये प्रेक्षकासारखं बघू शकणारा पहिला माणूस म्हणजे एडिटर, आणि तेही तो सेटवर गेला नाही म्हणून. माझ्या मते आपलं भांडवल एवढंच आहे, आणि ते झपाट्याने खर्च होतं. विनोदाला हसू पहिल्यांदाच येतं, दुसऱ्यांदा आपण हसण्याची जागा फक्त ओळखतो.

म्हणून रशेस, म्हणजे शूट होऊन आलेलं कच्चं फुटेज, पहिल्यांदा बघताना मी कीबोर्डला हात लावत नाही. वही आणि पेन्सिल. कुठे हसू आलं, कुठे लक्ष उडालं, कुठे नट खोटा वाटला, एवढंच टेकच्या नंबरासकट लिहून ठेवते. कारण लिहीत बसत नाही. चार-पाच महिन्यांनी सगळं पाठ झाल्यावर कुठल्याच शॉटबद्दल काही वाटेनासं होतं, तेव्हा हीच वही काढते.

आता असिस्टंटच्या कामाकडे. शूटिंग चालू असताना सेटवरून डिस्क येत राहतात. सेटवर कॅमेऱ्याच्या कार्डावरून डेटा उतरवणाऱ्याला सगळे डीआयटी म्हणतात. त्याने केलेली कॉपी नुसती ओढून टाकलेली नसावी, चेकसमने, म्हणजे मूळ आणि प्रत तंतोतंत एकच आहेत का हे सॉफ्टवेअरने, पडताळलेली असावी. कमीत कमी दोन प्रती वेगवेगळ्या डिस्कवर हव्यात, आणि दोन्ही डिस्क एकाच बॅगेत घालून एकाच गाडीतून पाठवू नयेत. मग दिवस, कॅमेरा, कार्ड अशा क्रमाने फोल्डर. मूळ फाइल्स जड असतात म्हणून एडिटसाठी हलक्या प्रॉक्सी करायच्या. साउंड रेकॉर्डिस्टच्या फाइल्स वेगळ्या येतात. क्लॅपच्या फळ्या ज्या फ्रेमवर मिटतात तिथे तो ‘टक्’ आणून बसवायचा. दोन्हींचा टाइमकोड, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर नोंदलेली वेळ, जुळत असेल तर सॉफ्टवेअर हे करून देतं, तरी डोळ्यांनी खात्री करायचीच. क्लॅप उलटा धरलेला दिसला तर तो शॉटच्या शेवटी दिलेला आहे, नवीन मुलं तिथे हमखास गोंधळतात.

नंतर सीन, शॉट, टेक अशी नावं देऊन कंटिन्युटी शीटशी ताळा करायचा. दिग्दर्शकाने कुठला टेक ओके केला, कुठला होल्ड (राखून ठेवलेला), कुठला एनजी (नो गुड, म्हणजे बाद), हे शीटवर असतं. एक सवय लावून घ्या: एनजी टेकही पूर्ण बघायचे. ओकेचा शिक्का सेटवरच्या घाईत बसलेला असतो. एनजी का झाला तर फोकस हुकला, मागून कोणी गेलं, वाक्य अडखळलं. पण त्याच टेकमध्ये वाक्याआधी नटीने जो श्वास घेतलाय तो बाकीच्या टेकमध्ये नसू शकतो. ‘अ‍ॅक्शन’च्या आधीचे आणि ‘कट’च्या नंतरचे सेकंदही बघा. कॅमेरा चालू असतो आणि समोरचा माणूस अभिनय करायचं विसरलेला असतो.

हे काम हमालीचं वाटतं, आणि आहेच. पण सिंक, म्हणजे चित्राशी आवाज जुळला का ते, तपासताना तुम्ही प्रत्येक टेक एडिटरच्याही आधी बघता. मनात एक टेक निवडून ठेवा. एडिटरने दुसराच निवडला तर चहाच्या वेळी विचारा, का? मॅडम कधी उत्तर द्यायच्या, कधी नुसतं म्हणायच्या, “परत बघ, आवाज बंद करून.” माझं शिक्षण बरंचसं असंच झालं.

एक तांत्रिक गोष्ट शूटिंगआधीच उरकून घ्या. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमचा, ड्रोनवाला ३० वर शूट करून मोकळा, कुणीतरी मोबाइलवर घेतलेला शॉट कुठल्याच ठरावीक फ्रेम रेटवर नाही, असं होतं. पहिल्या दिवसाआधी एक-दोन शॉट घेऊन ते कॅमेरा, एडिट, कलर आणि साउंड अशा सगळ्या टप्प्यांतून एकदा फिरवून आणा. निर्माता म्हणेल, कशाला? तुम्ही हट्ट धरा.

एक सीन जरा जवळून दाखवते. सिनेमाचं नाव राहू दे. मुंबईहून गावी आलेला मुलगा आईला नोकरी गेल्याचं सांगतो. आई चुलीपुढे भाकऱ्या थापतेय. पटकथेत असं होतं: मुलगा म्हणतो, “नोकरी सुटली.” आई वर बघते आणि म्हणते, “मग आता?” दारापासून चुलीपर्यंत सरकत जाणारा एक ट्रॉली शॉट होता. त्या एवढ्याशा स्वयंपाकघरात रूळ बसवायला अर्धा दिवस गेला, हे मला नंतर कळलं. शिवाय दोघांचा मिड (मध्यम अंतरावरून), मुलाचा क्लोज (जवळून), आईचा क्लोज, तव्याचा एक इन्सर्ट (नुसत्या वस्तूचा शॉट).

वहीत मी फक्त आईच्या क्लोजच्या चौथ्या टेकपुढे खूण केली होती. बाकीच्या टेकमध्ये ती वाक्य ऐकते आणि वर बघते, लिहिलंय तसं. चौथ्यात तिचे हात आधी थांबले. पीठ लागलेली बोटं भाकरीवर तशीच राहिली, मग पुन्हा दोनदा थापटलं, आणि मग नजर वर आली. शीटवर हा टेक एनजी, कारण वर बघताना पदर घसरला आणि तिने तो सावरला.

लाइनअपमध्ये, म्हणजे शॉट लिहिल्याबरहुकूम नुसते ओळीने लावतो त्यात, सीन पटकथेप्रमाणे लागला. सगळं कळत होतं, पण काही होत नव्हतं. मग मी मुलाच्या क्लोजवर वाक्य येऊ दिलं आणि तिथून हललेच नाही. खाली थापण्याचा आवाज चालू, थप, थप, थप. मुलाचा चेहरा समोर असतानाच तो आवाज थांबवला. खाली बघणारा मुलगा आवाज बंद झाल्यावर डोळे वर करतो. त्याचं ते डोळे वर करणं खरं तर ‘कट’ म्हटल्यानंतरचं आहे, तो दिग्दर्शकाकडे बघत होता. मग आई: थांबलेले हात, पुन्हा दोनदा थापटणं, नजर. पदराकडे हात जायच्या आत पुढचा सीन. “मग आता?” काढून टाकलं.

आईवर जाणारा कट सुरुवातीला आवाज थांबल्याबरोबर ठेवला होता. ते मालिकेतल्या धक्क्यासारखं वाटायला लागलं. १२ फ्रेम पुढे नेला, म्हणजे अर्धा सेकंद. १८ वर नेला तेव्हा मुलगा काहीतरी बोलेल अशी वाट बघावीशी वाटली, ते नको होतं. शेवटी १४ वर राहिला. सेकंदात २४ फ्रेम असतात, दोनने काय फरक पडणार, असं बाहेरून वाटतं. स्वतः करून बघा. भाकरी मात्र जुळत नव्हती. मिडमध्ये ती जवळजवळ पुरी थापलेली आणि क्लोजमध्ये निम्मी. दिग्दर्शकाला त्याचा घोर लागून राहिला होता. आजवर एकाही प्रेक्षकाने विचारलेलं नाही. नजर जिथे खिळलेली असते तिथलं जुळलं पाहिजे, बाकीचं बऱ्यापैकी खपून जातं.

ट्रॉली शॉट बाहेर गेला हे दिग्दर्शकाला कसं सांगायचं, हा या धंद्याचा अर्धा भाग आहे. ‘हा काढूया’ असं म्हणू नका. ‘एकदा त्याच्याशिवाय बघूया का?’ म्हणा, आणि त्याच्या देखत जुनी आवृत्ती तारीख टाकून वेगळी ठेवा. आपला शॉट कुठेतरी सुरक्षित आहे हे दिसलं की माणूस मोकळेपणाने बघतो. आमचे दिग्दर्शक न बोलता खाली चहाला गेले. वर येऊन म्हणाले, “परत लाव.” आणखी एकदा बघितलं. मग ट्रॉली दुसरीकडे कुठे बसेल का, याची शोधाशोध सुरू झाली. शेवटी ती ट्रेलरमध्ये गेली. सिनेमातून बाहेर पडलेल्या देखण्या शॉटांचा ट्रेलर हा वृद्धाश्रम आहे.

उलटही होतं. दिग्दर्शक एखाद्या लांब वाइड शॉटसाठी अडून बसतो आणि आपल्याला तो कंटाळवाणा वाटतो. तेव्हा आधी तो मोठ्या पडद्यावर बघा. एडिटच्या मॉनिटरवर सगळी चौकट एका नजरेत संपते. थिएटरात डोळ्याला फिरायला जागा असते, तिथे तोच शॉट पुरा पडत नाही. क्लोजचं नेमकं उलट. मोबाइलवर सिनेमे बघून शिकलेली मुलं क्लोज फार लवकर आणि फार वेळा लावतात, असं माझं निरीक्षण आहे.

नजर शिळी होते त्यावर मी काही उपाय करते, सगळेच प्रत्येक वेळी लागू पडतात असं नाही. अख्खी रील, म्हणजे सिनेमाचा एक भाग, आवाज बंद करून बघते. कधी चित्र झाकून नुसती ऐकते. दोन-तीन दिवस दुसरं काम करते. सगळ्यांत कामाचा उपाय म्हणजे कथा माहीत नसलेल्या एका माणसाला शेजारी बसवणं. तो काय म्हणतो यापेक्षा त्याच्या शेजारी बसून आपल्याला काय वाटतं ते महत्त्वाचं. ज्या जागी आपण उगाच खुर्चीत हलतो किंवा ‘पुढे येतंय बरं का’ असं सांगावंसं वाटतं, ती जागा लांबली आहे. अभिप्रायात लोक रोगाची जागा बऱ्याचदा बरोबर दाखवतात, औषध मात्र चुकीचं सुचवतात. ‘शेवट लांबला’ असं पाच जण म्हणाले तर आधी मध्यंतरानंतरची वीस मिनिटं तपासा.

पूर्वी असं हवं तेवढं बघण्याची सोयच नव्हती. ३५ मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम, मिनिटाला ९० फूट, हजार फुटांचा डबा जेमतेम अकरा मिनिटांचा. मूव्हिओला किंवा स्टीनबेक या एडिटिंगच्या यंत्रांवर बघायचं, खूण करायची, कापायचं, टेपने जोडायचं, उरलेले तुकडे नंबरासकट टांगून ठेवायचे. चार फ्रेम परत हव्या असतील तर तो तुकडा शोधून काढायचा. त्यामुळे कात्री चालवण्याआधी निर्णय डोक्यात झालेला असे. आपल्याकडचे दिग्गज याच शिस्तीतले. ‘शोले’ला त्या वर्षी फिल्मफेअर पुरस्कार एकच मिळाला आणि तो संकलनाचा, एम. एस. शिंदे यांना. गोव्यातल्या पोंबुर्प्याचे वामन भोसले यांनी गुरुदास शिराळी यांच्या जोडीने हिंदीतले कितीतरी सिनेमे कापले, ‘इन्कार’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. आज टाइमलाइनच्या चाळीस आवृत्त्या करून ठेवता येतात, आणि म्हणूनच कित्येकदा एकही धड होत नाही. मी असिस्टंटला सांगते, कट मारण्याआधी कुठे मारणार ते तोंडाने सांग.

बाई म्हणून या कामात कसं, हे मुली विचारतातच. दादासाहेब फाळक्यांच्या घरी कच्च्या फिल्मला भोकं पाडण्यापासून धुण्यापर्यंतच्या कामात त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई होत्या. रेणू सलूजा पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडल्या आणि त्यांनी ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’, ‘गॉडमदर’ असे चार राष्ट्रीय पुरस्कार घेतले. २००० साली त्या गेल्या, त्यांना आदर्श मानणाऱ्या बायका आज मुंबईत ठिकठिकाणी एडिटला बसलेल्या आहेत. मराठीतच बघायचं तर ‘किल्ला’चं संकलन चारुश्री रॉय यांचं. कौशल्याबद्दल कुणी शंका घेत नाही. अडचण वेळेची असते. पहाटे दोनला ओशिवऱ्याहून घरी जायचं तर गाडीचे पैसे प्रॉडक्शन देणार का, हे पहिल्याच दिवशी विचारा. विचारायला लाजू नका, पुरुष असाल तरी विचारा.

लांबीबद्दल सगळ्यांचीच वेगवेगळी मतं असतात. निर्मात्याला दोन तासांच्या आत हवा असतो, त्यामागे शोंचं गणित आहे आणि ते खोटं नाही. पण मिनिटं कापल्याने सिनेमा वेगवान होतोच असं नाही. ‘सैराट’ जवळजवळ तीन तासांचा आहे. कुतुब इनामदार यांच्या संकलनात मध्यंतराआधीची गाणी, विहीर, पळापळ आणि नंतरचं परक्या शहरातलं थबकलेलं जगणं यांचा श्वासच वेगळा आहे, आणि शेवटी तर आवाजच काढून घेतलाय. रिखव देसाई यांनी संकलित केलेला ‘कोर्ट’ दुसऱ्या टोकाला. कोर्टाची खोली रिकामी होते, दिवे मालवतात, तरी कट येत नाही. नवखी मुलं म्हणतात, यात एडिटिंग कुठाय? शॉट कधी सोडायचा हे ठरवणं आणि तिथवर हात आवरणं, हेच तर ते. ‘व्हेंटिलेटर’मध्ये माणसांची जत्रा आहे. इस्पितळात जमलेल्या इतक्या नातेवाइकांत कोण कुठे उभं आहे आणि कोण कुणाला टाळतंय, हे विसरू न देण्याबद्दल रामेश्वर भगत यांना संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, असं मी माझ्यापुरतं धरून चालते. हे तीन सिनेमे पेन्सिल घेऊन बघा. एकेका सीनमधले कट मोजा, प्रत्येक कटला डोळा कुठून कुठे गेला ते टिपा.

मध्यंतर हे आपल्याकडचं खास दुखणं. पटकथेत ते एका जागी असतं, एडिटमध्ये तिथे कधी बसत नाही. मी मध्यंतर ठरवताना एकच बघते: वडापाव घेऊन परत येणाऱ्या माणसाने रांगेत उभं राहून शेजाऱ्याशी कशाबद्दल बोलावं? काहीच सुचत नसेल तर जागा चुकली आहे.

पिक्चर लॉक झाला, म्हणजे कट पक्का ठरला, की काम संपलं, हा गैरसमज. लॉकनंतर रीलवार एएएफ फाइल (आवाजाचे तुकडे जागच्या जागी असलेली) साउंडला द्यायची, प्रत्येक तुकड्याला मागेपुढे थोडी जादा लांबी ठेवून. पहिल्या फ्रेमच्या दोन सेकंद आधी एक बीप, म्हणजे त्यांच्याकडे आवाज जुळला का ते लगेच कळतं. कलरच्या स्टुडिओला एक्सएमएल किंवा ईडीएल (कुठला शॉट कुठून कुठे, याची यादी), सोबत टाइमकोड छापलेला संदर्भ व्हिडिओ. व्हीएफएक्सवाल्यांना शॉटची यादी. आणि मग लॉक तुटतो. नेहमीच तुटतो. कुठे काय बदललं याची यादी तुम्हीच ठेवायची, नाहीतर मिक्सिंगला नट तोंड उघडतो एकीकडे आणि आवाज येतो दुसरीकडे.

सेन्सॉरचं कामही आपल्याच टेबलावर येतं. पात्र सिगारेट ओढत असेल तर सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर ३० सेकंदांची आरोग्य सूचना हवी, शिवाय त्या दृश्यांत खाली पट्टी. मंडळाने शब्द म्यूट करायला सांगितला तर तिथे नुसती शांतता सोडू नका, भोक पडल्यासारखं ऐकू येतं. त्या जागेचा रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसतानाचा तिथला आवाज, भरा. प्रमाणपत्र मिळाल्यावर काही बदललं तर ते मंडळाकडून पुन्हा मंजूर करून घ्यावं लागतं, गुपचूप डीसीपी (थिएटरला जाणारी डिजिटल प्रत) बदलून चालत नाही. २०२४ पासून यूए मध्ये ७, १३ आणि १६ अशा वयाच्या पायऱ्या आल्या आहेत, त्यामुळे ‘हा शॉट ठेवला तर वरची पायरी मिळेल का’ ही चर्चा आता एडिटमध्येच सुरू होते.

शिकायचं कुठे? पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० साली सुरू झालेली एफटीआयआय, म्हणजे वर आलेली फिल्म इन्स्टिट्यूट, आहे. संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम, कुठल्याही शाखेचा पदवीधर चालतो, देशभरातून प्रवेश परीक्षा आणि जागा मोजक्या. कोलकात्याची सत्यजित राय संस्था १९९५ ची. जमत असेल तर जा, असंच मी म्हणेन. मी गेले नाही आणि त्याची उणीव मला एकाच बाबतीत भासली: ती मुलं तीन वर्षं जगभरचे सिनेमे अंधारात, मोठ्या पडद्यावर, एकत्र बसून बघतात आणि मग भांडतात. ते बाहेर राहून भरून काढायला फार वेळ लागतो. पुण्यात असाल तर फिल्म अर्काइव्हची प्रदर्शनं, ‘पिफ’ हा पुण्याचा चित्रपट महोत्सव, आणि नोव्हेंबरात गोव्याचा ‘इफ्फी’ महोत्सव चुकवू नका. तीन वर्षं आणि पैसा नसेल तर माझ्यासारखं थेट कामाला लागणंही चालतं. एडिटर ए. श्रीकर प्रसाद कुठल्या फिल्म संस्थेत गेले नाहीत, वडिलांच्या एडिटिंग रूममध्ये शिकले, आणि राष्ट्रीय पुरस्कारांच्या यादीत त्यांचं नाव पुन्हा पुन्हा येतं. महागडे तीन महिन्यांचे कोर्स मात्र दहादा विचार करून घ्या. ते बटणं शिकवतात, आणि बटणं यूट्यूबवर आहेत.

मालिकेच्या एडिटने सुरुवात करावी का? हात वेगवान होतो, पैसे महिन्याच्या महिन्याला येतात. पण रोज एपिसोड द्यायचा असल्यामुळे प्रत्येक वाक्यावर बोलणाऱ्याचा चेहरा लावायची सवय लागते, आणि ती सुटता सुटत नाही. वर्षभर करा, मग निघा. माहितीपट मिळाला तर उडी मारा. तिथे पटकथा टाइमलाइनवरच लिहावी लागते, त्याच्याइतकी चांगली तालीम दुसरी नाही. हल्ली मुलाखतींचं लिखाण सॉफ्टवेअर आपोआप करून देतं. प्रमाण मराठीत बरं चालतं, मालवणी किंवा वऱ्हाडी माणूस बोलायला लागला की काहीच्या बाही लिहितं. तेव्हा कान शाबूत ठेवा.

पैशांचं थोडं स्पष्ट बोलते. मानधन टप्प्यांत ठरवा: सुरुवातीला काही, पहिला कट दाखवल्यावर काही, लॉकला काही, शेवटचा हप्ता फायनल मटेरियल सोपवताना. ‘रिलीजच्या वेळी’ हा शब्द करारात येऊ देऊ नका. एका निर्मात्याने माझा शेवटचा हप्ता रिलीजवर ठेवला आणि तो सिनेमा अजून डब्यात आहे. किती महिन्यांचं काम ते लिहा, त्यानंतर महिन्याला किती ते लिहा. टीझर, ट्रेलर, गाण्यांचे प्रोमो यात धरले आहेत की वेगळे, तेही लिहा. असिस्टंट असाल तर दोन गोष्टी मागून घ्या, श्रेयनामावलीत नाव आणि जेवण. दोन्ही वरकरणी क्षुल्लक वाटतात आणि दोन्हींवरून मी भांडणं बघितली आहेत. पाठीचं आणि डोळ्यांचं काय होतं ते तुम्हाला कळेलच, खुर्ची चांगली घ्या.

कामासाठी एडिटरला लिहिताना शोरील, म्हणजे आपल्या निवडक शॉटांचा व्हिडिओ, पाठवू नका. पार्श्वसंगीतावर नाचणाऱ्या शॉटांवरून तुम्ही सीन कापू शकता की नाही हे कळत नाही. दोन मित्रांना बसवून एखादा साधा प्रसंग मोबाइलवर तीन कोनांतून शूट करा. उसने पैसे परत मागण्याचाही चालेल. त्याच फुटेजचे दोन कट पाठवा, एकात सीन मागणाऱ्याचा, दुसऱ्यात न देणाऱ्याचा. असं काही आलं तर मी नक्की उघडून बघते. मेलमध्ये कुठे राहता, कधीपासून येऊ शकता आणि सलग किती महिने थांबू शकता एवढंच लिहा. उत्तर आलं नाही तर तीन आठवड्यांनी पुन्हा लिहा. लॉकच्या आठवड्यात माझ्याकडून आईच्या फोनलाही उत्तर जात नाही.